कुठे चुकलीस?

मागच्या महिन्यात लेकीची कराटेची स्पर्धा होती. एका मंगल कार्यालयात, जेवणाच्या हॉलमध्येच मॅट टाकलेल्या, कडेला लाल गादीच्या खुर्च्यांची चळत, वर पंखे गरगरतायत तरी उकाडा हटत नाही, आणि सगळीकडे त्या जाड पांढऱ्या ड्रेसचा घामट वास. सकाळी आठला बोलावलं होतं, हिचा नंबर लागला दीड वाजता. काता प्रकार, म्हणजे ठरलेल्या हालचाली एकटीनेच करून दाखवायच्या, अकरा-बारा वर्षांच्या मुलींचा गट. ती दुसरी आली. गळ्यात मेडल, हातात गुंडाळलेलं सर्टिफिकेट, स्कूटरवर माझ्या मागे बसली, आणि पहिल्याच सिग्नलला थांबलो तेव्हा मी मान अर्धी वळवून विचारलं, "कुठे चुकलीस गं?" रागाने नाही हां, अगदी सहज, पाणी हवंय का विचारावं तसं. हेल्मेटच्या आतून आवाज आला, "चुकले नाही." सिग्नलवर अजून वीस सेकंद होते. ती परत म्हणाली, "चुकले नाही मी. तरी दुसरी आले."

मला पुढे काही सुचलंच नाही.

घरी येऊन तिने मेडल कॅलेंडरच्या खिळ्याला अडकवलं, आंघोळ केली, वरणभात खाल्ला आणि झोपून गेली. तिच्या बाजूने विषय संपला होता. मला मात्र तो प्रश्न टोचत राहिला, म्हणजे माझाच प्रश्न. तो आला कुठून हे मला माहितीये. आमच्या घरी पेपर हातात आला की बाबा आधी शेवटचं पान बघायचे, आणि ५० पैकी ४८ असले तर विचारायचे, दोन कुठे गेले? त्यांचं काही वाईट नव्हतं त्यात, गणितात दोन मार्क गेले म्हणजे कुठेतरी खरंच गेलेले असतात, शोधले की सापडतात, हातचा धरायचा राहिलेला असतो नाहीतर एकक लिहिलेलं नसतं. पण असं विचारत विचारत मोठं झालं की डोक्यात पक्कं बसतं की कमी पडलं म्हणजे चूक झाली, आणि चूक झाली म्हणजे ती दाखवता आली पाहिजे. त्या रात्री झोप येईना म्हणून मी मोबाइल घेतला आणि खूप दिवसांनी जपानच्या कराटेवाल्या कियो शिमिझूचा तो व्हिडिओ लावला. कारण लेकीचं ते वाक्य मी आधी एकदा ऐकलं होतं, तिच्याच तोंडून, चार-पाच वर्षांपूर्वी.

५ ऑगस्ट २०२१, टोकियो ऑलिंपिक. त्या दिवसाचं आपल्याकडे कुणाला सांगायला नको, सकाळी सकाळी हॉकीत जर्मनीवर ५-४, ४१ वर्षांनी मेडल, शेवटच्या सहा सेकंदांत श्रीजेशने अडवलेला तो कॉर्नर, आमच्या समोरच्या बिल्डिंगमधून कुणीतरी थाळी वाजवली होती. आणि संध्याकाळी कुस्तीत रवी दहियाची फायनल. तो हरला, पण सिल्व्हर आलं, आणि सासऱ्यांनी टीव्हीसमोर उभं राहून टाळ्या वाजवल्या, "चांदी आणली पोराने" म्हणून. रात्री जेवणं उरकल्यावर ओटा पुसून मी जरा टेकले, लेक तेव्हा सात वर्षांची, लॉकडाऊनमुळे घरात कोंडलेली, माझ्या मांडीवर डोकं ठेवून पडली होती, आणि मोबाइलवर दिवसभराचे ऑलिंपिकचे व्हिडिओ एकामागून एक आपोआप चालू होते. त्यात हे आलं. रिकामं स्टेडियम. कोविडमुळे प्रेक्षकच नाहीत. एक मुलगी चालत मॅटच्या मधोमध येते, वाकते, आणि असं काही ओरडते की मांडीवरची माझी मुलगी ताडकन उठून बसली.

"चातान्यारा कुशांकू!" हे त्या काताचं नाव होतं हे मला नंतर कळलं. त्यात कुणाला घाबरवायचं नसतं, आपण कोणता काता करणार ते परीक्षकांना सांगायचं असतं. पण ज्या तऱ्हेने ती ते नाव उच्चारते ना, पोटाच्या तळातून, त्यातच अर्धं युद्ध होऊन जातं. आणि मग शांतता. हात इतके सावकाश हलतात की वाटतं पाण्याखाली आहेत, आणि त्या सावकाशीतून अचानक, फाट्! ड्रेसच्या बाहीचा आवाज. काताचे ड्रेस मुद्दाम जाड, कडक कापडाचे असतात, हात थांबतो तिथे कापड कडाडतं. त्या भल्यामोठ्या रिकाम्या हॉलमध्ये तेवढाच आवाज, कापडाचा, मॅटवर आपटलेल्या पायाचा, आणि मध्येच फुटणारी ती किआई, म्हणजे कराटेतली आरोळी. गर्दी असती तर हे आवाज आम्हाला ऐकूच आले नसते. मला सगळ्यात लक्षात राहिली ती तिची मान. वळायचं असलं की आधी डोळे जायचे, मग मान, आणि अंग सगळ्यात शेवटी, जसं काही तिला त्या दिशेला कुणीतरी खरंच दिसलंय आणि मगच ती वळलीये.

"आई, ती कुणाशी भांडतेय?"

मी म्हटलं कुणाशी नाही गं, एकटीच आहे, असाच प्रकार असतो. ती म्हणाली, "नाही. तो बघ, मागून आला." आणि बोट लावलं मोबाइलवर, बरोबर त्या रिकाम्या जागेवर जिकडे शिमिझू वळली होती. मी आजवर काताबद्दल बरंच वाचलं, क्लासच्या सरांकडून बरंच ऐकलं, की काता म्हणजे नसलेल्या शत्रूंशी लढाई, प्रत्येक हालचालीमागे अर्थ असतो, इथे कुणीतरी मनगट धरलंय, इथे कुणीतरी लाथ घातलीये, आणि कुशांकू घराण्याच्या कातांबद्दल तर असं सांगतात की ही अंधारातली लढाई आहे, म्हणून चाचपडत पुढे सरकणारे हात, म्हणून मध्येच जमिनीलगत झपकन बसणं. पण सात वर्षांच्या मुलीने "तो बघ" म्हणून जे दाखवलं त्यापेक्षा चांगलं मला अजून कुणी समजावलेलं नाही.

मग मार्क आले. स्पेनच्या सांद्रा सांचेझला २८.०६ आणि शिमिझूला २७.८८. दोघींनी फायनलला एकच काता निवडलेला, चातान्यारा कुशांकूच. म्हणजे एकाच बैठकीत दोन मोठ्या गायिकांनी पाठोपाठ एकच राग, एकच बंदिश गावी असं झालं. शिमिझूचे डोळे भरून आलेले दिसत होते. आणि माझी लेक माझ्याकडे बघून म्हणाली, "म्हणजे ती हरली? पण ती पडली नाही ना. चुकली पण नाही."

तेच ते वाक्य. तेव्हा मी काय उत्तर दिलं ते मला आठवत नाही, बहुतेक झोप आता म्हटलं असणार. पण दुसऱ्या दिवसापासून ती हॉलमध्ये मधोमध उभी राहून "चातान्यारा!" ओरडायला लागली, आणि क्लास उघडल्या उघडल्या तिला कराटेला घातली, ती आजतागायत.

शिमिझूबद्दल मी नंतर जे मिळेल ते वाचत गेले. ओसाकाची मुलगी, १९९३ चा जन्म. मोठा भाऊ कराटेला जायचा म्हणून नऊ वर्षांची असताना तीही जायला लागली, हे वाचून तर मला एकदम जवळची वाटली, आपल्याकडे किती मुली अशाच कुठे कुठे पोचल्या असतील, दादाच्या मागे मागे. तिची शैली शितो-र्‍यू. ती स्थापन करणारे केनवा माबुनी मूळचे ओकिनावाचे, पण पुढे ओसाकात येऊन स्थायिक झालेले. म्हणजे कराटे ज्या बेटांवर जन्मलं तिथून ते ज्या ज्या वाटांनी मुख्य जपानात उतरलं त्यातली एक वाट थेट तिच्या शहरात येते. आणि शितो हे नाव कसं आलं माहितीये? माबुनींचे दोन गुरू होते, इतोसू आणि हिगाओन्ना, त्यांच्या नावांच्या पहिल्या चित्राक्षरांचा वेगळा उच्चार केला की शि आणि तो, म्हणजे आपल्या शैलीच्या नावात स्वतः कुठेच नाही, फक्त गुरू. हे मला फार आवडतं. आपल्या गाण्याच्या घराण्यांची सवय असलेल्या माणसाला हे लगेच आतून कळतं. आणि त्याच इतोसूंनी शाळेतल्या मुलांसाठी जे सोपे काता बांधले, तेच वेगवेगळ्या उच्चारांनी, कुठे पिनान कुठे हेइआन म्हणून, आज जगभरातल्या क्लासमध्ये लहान मुलं करतात, आमच्या क्लासमध्येही. त्या सोप्या कातांचे बरेच तुकडे जुन्या कुशांकूतूनच घेतलेत असं मानतात. म्हणजे माझी मुलगी त्या मंगल कार्यालयात जे करत होती आणि ती बाई टोकियोच्या बुडोकान स्टेडियममध्ये जे करत होती, ते एकाच झाडाचं आहे.

शिमिझूच्या आधी जपानकडे रिका उसामी होती. २०१२ साली पॅरिसच्या वर्ल्ड चॅम्पियनशिपला उसामीने केलेला काता ज्याने पाहिलाय त्याला वेगळं सांगायला नको, आणि नसेल पाहिला तर आधी तो बघा, मग पुढे वाचा. तोही चातान्यारा कुशांकूच. ती ते जिंकली आणि लवकरच थांबली. आणि पुढच्याच वर्षी, २०१३ ला, नुकती विशीत आलेली शिमिझू ऑल जपान चॅम्पियन झाली. मग २०१९ पर्यंत सलग सात वर्षं दुसऱ्या कुणाला होऊ दिलं नाही. मध्ये २०१४ ला ब्रेमेनमध्ये वर्ल्ड चॅम्पियन, कॉलेजात शिकत असतानाच, २०१६ ला लिंझमध्ये परत, एशियन गेम्सचं गोल्ड २०१४ ला इंचॉनमध्ये आणि २०१८ ला जकार्तात. कागदावर हे सगळं एका ओळीत मावतं. पण ज्या देशात प्रत्येक गल्लीत डोजो, म्हणजे कराटेचा आखाडा आहे, तिथे सात वर्षं पहिलं राहायचं म्हणजे काय ह्याचा मी जेव्हा जेव्हा विचार करते तेव्हा मला छातीवर दडपणच येतं. कारण काताला काही नवीन डावपेच नसतात की समोरच्याला चकवलं. सगळ्यांना सगळं माहीत असतं. पुढचा हात कुठे जाणार हे मॅटभोवती बसलेल्या प्रत्येकाला पाठ असतं, आणि त्या पाठ असलेल्या गोष्टीतच तुम्हाला त्यांना परत चकित करायचं असतं.

आणि मग सांद्रा सांचेझ आली. तिच्याबद्दलही मला तेवढंच प्रेम वाटतं आणि तिथेच माझी पंचाईत होते. सांचेझ उशिरा उमललेली. २०१५ ला पहिल्यांदा युरोपियन चॅम्पियन झाली तेव्हा ३३ वर्षांची होती, ज्या वयात बाकीच्या पोरी ट्रेनर होऊन शिट्टी गळ्यात घालतात. २०१८ ची वर्ल्ड चॅम्पियनशिप माद्रिदला होती, सांचेझच्या घरी, आणि फायनलला तिने शिमिझूला हरवलं. शिमिझूचं सलग तिसरं वर्ल्ड टायटल तिथे गेलं. मग टोकियो. आता घर शिमिझूचं, आणि सांचेझ ३९ वर्षांची. म्हणजे शिमिझू एकदा दुसऱ्याच्या घरी हरली आणि एकदा स्वतःच्या घरी, त्याच एका बाईकडून. मी दोघींचे टोकियोचे काता कितीतरी वेळा पाठोपाठ बघितलेत. सांचेझचा पाय जमिनीत रुतल्यासारखा पडतो, तिच्यात एक वजन आहे, वय आहे म्हणा हवं तर, ती घाई करतच नाही. शिमिझू पात्यासारखी आहे, तिच्यात धार आहे, दोन हालचालींमधली स्तब्धता इतकी ताणलेली की बघताना आपण श्वास धरून बसतो. कोण जास्त चांगलं? एका दिवशी मला ही वाटते, दुसऱ्या दिवशी ती. सांचेझचं गोल्ड कुठूनही हिसकावलेलं नाही, ते तिचंच होतं. आणि तरीही शिमिझूने काय केलं असतं म्हणजे ते तिचं झालं असतं, ह्याचं उत्तर मला सापडत नाही.

०.१८.

हा आकडा कसा येतो ते मी मुद्दाम समजून घेतलं, कारण मला वाटलं त्यात काहीतरी सापडेल. आधी काताला झेंडे असायचे, पाच परीक्षक, लाल किंवा निळा झेंडा वर करायचे, संपलं. २०१९ पासून मार्क आले. टोकियोत सात परीक्षक होते, प्रत्येकाने दोन प्रकारचे मार्क द्यायचे, एक तंत्राचे आणि एक ताकद-वेग-तोल ह्यांचे, तंत्राला ७० टक्के वजन, दुसऱ्याला ३०. सातातले वरचे दोन आणि खालचे दोन मार्क काढून टाकायचे, मधले तीन धरायचे. आणि मार्क द्यायचे ते ५ ते १० च्या मध्ये, ०.२ च्या पायऱ्यांनी. ८.८ नंतर थेट ९. मधलं काही नाही. हे वाचल्यावर मी थांबले. एका परीक्षकाच्या हातातली लहानात लहान पायरी ०.२ ची, आणि सगळी बेरीज गुणाकार होऊन ह्या दोघींमध्ये शेवटी उरलेलं अंतर त्या एका पायरीहूनही कमी. एका परीक्षकाला एका आकड्यात देताही येणार नाही इतका लहान फरक. म्हणजे ते दोन मार्क कुठे गेले असं विचारायला इथे शेवटचं पानच नाहीये.

मला हे असं लागतं कारण मी स्वतः परीक्षकांच्या टेबलासमोर उभी राहिलेली आहे. लहानपणी मी दोरीचा मल्लखांब करायचे, व्यायामशाळेत, संध्याकाळी साडेपाचला, बाहेर लाल मातीचं मैदान आणि आत तुळईला टांगलेल्या दोऱ्या. ज्यांनी केलंय त्यांना माहितीये, पायाचा अंगठा आणि शेजारचं बोट ह्यांच्या बेचक्यात दोरी धरायची असते, सुरुवातीचे महिने तिथलं कातडं सोलवटून निघतं, घरी आई खोबरेल तेल लावायची आणि मी ओरडायचे. मग तिथे घट्टा पडतो आणि मग दुखत नाही. स्पर्धेत दोरीवर दीड मिनिट असतं, वर जायचं, आसनं करत करत खाली यायचं, खाली उतरून हात वर करून उभं राहायचं. आणि मग ती वाट बघायची. ताई कानात म्हणायची सरळ उभी राहा, हलू नकोस, आणि आपण हात शरीराला चिकटवून उभे, पायाचं बेचकं ठणकतंय, टेबलामागची माणसं मान खाली घालून लिहितायत, पेन्सिलींचा आवाज येतोय. मी नववीत असताना एकदा जिल्ह्याला माझा संच असा झाला होता की मला अजून अंगात आठवतो, प्रत्येक आसन जिथे थांबायला हवं तिथे थांबलं, एकदाही दोरी हलली नाही, उतरले तेव्हा ताईच्या डोळ्यांत पाणी होतं. मी तिसरी आले. ताईने काहीही विचारलं नाही. ती माझ्या पायाला तेल लावत बसली होती, मी हसत होते, आणि मेडल कितवं ह्याचं मला त्या दिवशी तरी काही वाटलं नव्हतं. वाटलं ते घरी गेल्यावर, बाबांनी विचारल्यावर.

हे मी विसरले होते. सिग्नलवर ते वीस सेकंद संपेपर्यंत तरी पूर्ण विसरलेले होते.

टोकियोचं आणखी एक आहे, ज्याने मला वाईट वाटत राहतं. कराटे ऑलिंपिकमध्ये आलं ते तेवढ्या एकाच वेळी. २०१६ ला ठरलं की टोकियोत कराटे घेणार, आणि २०१९ च्या सुरुवातीलाच पुढच्या ऑलिंपिकच्या पॅरिसवाल्यांनी आपली यादी दिली त्यात कराटे नव्हतं. म्हणजे शिमिझूला आणि बाकी सगळ्यांना आधीपासून माहीत होतं की हे एकदाच आहे, पुढच्या वेळी बघू असं म्हणायची सोयच नाही. त्यात कोविड आला आणि ते एकदाचं सुद्धा वर्षभर पुढे गेलं. आख्ख्या आयुष्याची तयारी त्या एका संध्याकाळच्या अडीच-तीन मिनिटांसाठी, आणि तेही बुडोकानमध्ये, जिथे तिने ऑल जपान जिंकलेलं, पण ह्या वेळी खुर्च्या रिकाम्या. बुडोकान बांधलंच होतं १९६४ च्या ऑलिंपिकसाठी, ज्युदोसाठी. आणि तेव्हाही तिथे असंच झालं होतं, ज्युदो पहिल्यांदा ऑलिंपिकमध्ये, जपानचा स्वतःचा खेळ, आणि सगळ्यात मानाच्या खुल्या गटाच्या फायनलला हॉलंडच्या अँटन गेसिंकने अकिओ कामिनागाला धरून ठेवलं, आणि सगळा हॉल गप्प झाला. तेव्हा हॉल भरलेला होता आणि गप्प झाला. ह्या वेळी तो आधीपासूनच गप्प होता. दुसऱ्या दिवशी पुरुषांच्या कातात ओकिनावाच्या र्‍यो किउनाने गोल्ड घेतलं, मृत आईचा फोटो हातात घेऊन पोडियमवर उभा राहिला, तो क्षण जगभर गेला आणि जायलाच हवा होता. पण माझं मन आदल्या संध्याकाळीच अडकून राहिलं.

त्याच दिवशीची दोन सिल्व्हर मी बघितली होती ना. दहियाचं, ज्यावर आमच्या घरात टाळ्या वाजल्या, आणि तिचं. वजन तेच असणार, चकाकी तीच. आमच्या मुलाला काहीतरी मिळालं होतं, आणि तिच्याकडून काहीतरी गेलं होतं. मला कुठेतरी वाचायला आवडलं असतं की तिच्या आईने त्या रात्री फोनवर तिला काय विचारलं. म्हणजे मी इतकं शोधलं, पण मला खरं तेवढंच हवं होतं. जेवलीस का, असं विचारलं असेल का? का काहीच नाही? का तिच्याही तोंडून ते निघून गेलं असेल, नकळत, सहज?

त्यानंतर ती लगेच थांबली नाही, ह्याचं मला फार वाटतं. ऑलिंपिक संपलं, परत येणार नव्हतं, वयाची २७ वर्षं झालेली, जिंकण्यासारखं सगळं आधीच जिंकलेलं. तरी ती परत मॅटवर आली. हांग्झौचे एशियन गेम्स पण कोविडमुळे वर्षभर लांबलेले, २०२३ च्या ऑक्टोबरमध्ये झाले, आणि तिथे तिने गोल्ड घेतलं, इंचॉन, जकार्ता, हांग्झौ, सलग तिसरं. आपण तेव्हा हांग्झौत आपली शंभर मेडल्स मोजण्यात गुंतलो होतो, मीही होते, पण मी तिचाही निकाल शोधून काढला आणि स्वयंपाकघरात एकटीच उभी राहून टाळी वाजवली. मग २०२४ ला तिने स्पर्धा थांबवली. ३० वर्षांची. मी ती बातमी लेकीला दाखवली तर ती म्हणाली, "पण ती घरी करत असेलच की." मला ते इतकं बरोबर वाटलं. मल्लखांब सोडून मला पंचवीस वर्षं झाली, पण अजून कधी बसच्या वरच्या दांड्याला धरून उभी असले की पायाची बोटं चपलेत आपोआप आवळली जातात, मध्ये दोरी असल्यासारखी.

तर त्या रात्री हे सगळं परत बघून झाल्यावर, एक वाजून गेला असेल, मी लेकीचा व्हिडिओ लावला. स्पर्धेतला, मीच काढलेला. आणि तो बघताना मला जे कळलं ते सांगायला जीभ रेटत नाही, पण सांगते. मी तिचा काता बघितलाच नव्हता. मी पूर्ण वेळ मोबाइल बघत होते. ती फ्रेममध्ये आहे ना, समोरच्या बाईचं डोकं मध्ये येतंय का, बॅटरी किती राहिलीये, रेकॉर्डचा लाल ठिपका लुकलुकतोय ना. व्हिडिओ मध्येच हलतो तिथे मी शेजारणीला "जरा सरकता का" म्हणतेय ते सुद्धा ऐकू येतं, आणि नेमकी तेव्हा तिची किआई आहे, ती माझ्या आवाजाखाली अर्धी दबलीये. मी तिला विचारलं कुठे चुकलीस, आणि ती बरोबर कुठे कुठे होती हे सुद्धा मला माहीत नव्हतं.

गेल्या शनिवारी संध्याकाळी लाइट गेले होते. इन्व्हर्टरवर हॉलमधला एकच दिवा चालू, पंखा बंद, ती कंटाळून उठली, टीपॉय स्वतःच ढकलून भिंतीला लावला, मधोमध उभी राहिली. घरातल्या टी-शर्टात आणि बर्म्युडात, म्हणजे तो ड्रेसचा आवाज येणार नव्हता. मी मोबाइल उलटा करून सोफ्यावर ठेवला आणि जमिनीवर बसले, भिंतीला टेकून. तिने काताचं नाव घेतलं, जरा हळू, खालच्या मजल्यावर आजी झोपलेल्या असतात म्हणून. आणि सुरू केलं. फरशीवर अनवाणी पाय घासल्याचा आवाज, तिचा श्वास, भिंतीवर तिची सावली तिच्यापेक्षा मोठी. एका ठिकाणी डावा पाय थोडा सरकला, तिने तो तिथेच धरला आणि तोल जाऊ दिला नाही. शेवटी वाकली, आणि तशीच वाकलेली असताना विचारलं, "कसा झाला?"

मी म्हटलं, "तिसऱ्या वळणाला तुझे डोळे आधी गेले. मग मान. मग तू."

ती सरळ झाली, कपाळावरचे केस मागे सारले, माझ्याकडे जरा वेळ बघत राहिली.

"मागे होता तो," ती म्हणाली. "थांब, परत करते. तू तिकडून बघ."

मी उठून पलीकडच्या भिंतीला जाऊन बसले.